सादगार, नोंद चौथी: पोकळीत स्फटिक धरले

नव्याने वाचणाऱ्यांसाठी आधी थोडक्यात. सादगार हे माझ्या कल्पनेतलं खनिज. साद अधिक गार, म्हणजे गारगोटीतली गार. आपल्या काळ्या पाषाणाच्या पोकळीत ते वाढतं आणि आजूबाजूचे आवाज, आठवणी धरून ठेवतं. मला ते कागदावर ठेवायचं नाहीये, हाताला लागेल असं घडवायचंय. चार महिने झाले.

तर, स्फटिक धरले! पुण्याजवळच्या वाघोलीत नातेवाइकांच्या विहिरीच्या खोदकामातून उचललेला तो दगड, नारळाच्या करवंटीएवढ्या पोकळीचा. पहिल्या खेपेला तुरटीचं गरम पाणी थेट आत ओतलं, तर कडेने बारीक बुडबुडे यायला लागले. आत कॅल्साइटचा, म्हणजे चुनखडीतल्या खनिजाचा थर होता, तुरटीचं आंबट पाणी तो खात होतं आणि द्रावण गढूळ झालं. दोन दिवस वाया गेले. मग पोकळीला आतून लॅकरचे दोन हात दिले. ते वाळल्यावर फेविकॉलचा पातळ लेप, त्यावर तुरटीची पूड भुरभुरवून रात्रभर तसंच ठेवलं. दुसऱ्या दिवशी दाट द्रावण ओतून अख्खा दगड घोंगडीत गुंडाळला. घाईने थंड केलं की साखरेसारखा चुरा बसतो. हळूहळू निवलं तर नीट अष्टफलक, म्हणजे आठ बाजूंचे स्फटिक मिळतात. सकाळी घोंगडी सोडून पाणी काढलं, तर सगळ्यात मोठा स्फटिक चिंचोक्याएवढा! कडा इतक्या रेखीव की त्यावरून बोट फिरवताना जपावं लागलं. आता त्यावर बिनरंगी नेलपॉलिशचा एक हात दिलाय.

रंग निळा का नाही, असं बऱ्याच जणांनी विचारलं. कॅव्हन्साइट या निळ्या खनिजामुळेच नाही. ते पहिल्यांदा अमेरिकेतल्या ऑरेगनमध्ये सापडलं, पण जगभरच्या संग्राहकांना ते ठाऊक झालं वाघोलीच्या खाणींमुळे. इथल्या माणसाने दगडात निळं पाहिलं की दुसरं काही सुचतच नाही. शिवाय सादगार बिनरंगी असण्याला कारण आहे, आणि या महिन्यात मला सगळ्यात जास्त समाधान त्याचंच आहे.

दख्खनचा लाव्हा सुमारे 6.6 कोटी वर्षांपूर्वीचा. त्यातल्या वायूच्या बुडबुड्यांच्या पोकळ्यांमध्ये पुढे खनिजयुक्त पाणी झिरपलं आणि झिओलाइटं वाढली. या खनिजांच्या सांगाड्यातच बारीक वाटा असतात आणि त्यांत पाणी बसलेलं असतं. 1756 साली स्वीडनच्या क्रोनस्टेटने असा एक दगड तापवला, तो उकळल्यासारखा फसफसला, म्हणून नाव झिओलाइट, उकळणारा दगड. बहुतेक झिओलाइटं गेलेलं पाणी परत पिऊनही घेतात. लॉमोंटाइट या झिओलाइटला तर पाणी सोडायला तापवावंही लागत नाही. माझा पहिला नमुना कपाटात उघडा राहिला आणि कोरड्या हवेत पांढरा पडून भुसभुशीत झाला. तेव्हा फार वाईट वाटलं होतं. सादगारचा नियम त्यातूनच सुचला: ऊब लागली की पाण्याबरोबर आवाज बाहेर पडतो, स्फटिक तुरटीच्या लाहीसारखा पांढरा होतो, आणि हा बदल दिसावा म्हणूनच तो आधी बिनरंगी. मग तो पुन्हा ओल पितो, आणि त्या वेळी जे कानावर येईल ते धरतो. एकदा ऐकलेलं परत ऐकता येत नाही.

हे प्रत्यक्षात आणायला पुण्याच्या तपकीर गल्लीतल्या बाजारातून दहा सेकंदांचं रेकॉर्डिंग मोड्यूल आणि ऊब ओळखणारा थर्मिस्टर आणले. काठावर तळवा ठेवला की आवाज वाजतो, संपला की मोड्यूल लगेच समोरचे दहा सेकंद भरून घेतं, जुनं पुसून. आवाज काढणारी पितळी पिएझो चकती आधी दगडालाच चिकटवली होती. जड दगड काही थरथरेना, आवाज डासासारखा आला. आता ती खालच्या पातळ सागवानी पेटीला आहे आणि आवाज भरीव येतो. स्फटिक पांढरा पडणं मात्र अजून जमलेलं नाही. उन्हाळ्याचाही प्रश्न आहेच: एप्रिलच्या दुपारी खोली तळहाताइतकी तापली तर दगड आपोआप वाजेल. कोणाकडे उपाय असेल तर जरूर सांगा.

पहिला आवाज कोणता भरायचा, हे ठरलेलं होतं. जातं याच काळ्या पाषाणाचं. हेमा राईरकर आणि गी पॉइटवँ यांनी गावोगाव जमवलेल्या जात्यावरच्या ओव्या लाखाच्या वर आहेत. त्यातल्या काही ऐकल्यापासून मला सारखं वाटायचं की त्या दगडाच्या एखाद्या छिद्रात सादगार असती तर? म्हणून मुळशीला आईच्या मावशीकडे गेले. घरघरीत शब्द बुडायचे, म्हणून मोड्यूल जात्यापासून लांब, तिच्या खांद्यामागे धरलं. मी म्हटलं, "आजी, हे दगडाला ऐकवायचंय." ती पीठ झाडत म्हणाली, "जात्याला काय येगळं सांगावं लागतं व्हय गं? ते ऐकतंच की."

रविवारी भाचा आला. त्याला नियम समजावून सांगितला, मग त्याने काठावर तळवा ठेवला. आजीची ओवी पूर्ण वाजली. तो हललाही नाही. मीही बोलले नाही, आणि त्या दहा सेकंदांत स्वयंपाकघरातून कुकरची शिट्टी झाली, आई म्हणाली, "चहा टाकू का?" आता सादगारमध्ये तेच आहे. दगड कपाटात ठेवलाय, अजून कोणी हात लावलेला नाही.