मी बसू कुठे?

माझ्या पहिल्या चित्रपटाच्या शूटिंगचा दुसरा दिवस. सेट कोकणातल्या जुन्या घराच्या माजघराचा. कला दिग्दर्शनात चौदा वर्षं काढलेली, त्यामुळे भिंतीचे पोपडे कुठे सुटावेत, काजळी तुळईपर्यंत कशी चढावी, हात लागून लागून खांब कमरेच्या उंचीवर कसा गुळगुळीत व्हावा, हे सगळं मी जातीनं उभं राहून करून घेतलं होतं. आजीचं काम करणाऱ्या ताई आल्या. सगळीकडे फिरल्या. म्हणाल्या, "फार छान केलंयस रे. पण भाजी निवडायला मी बसू कुठे?"

मला उत्तर देता येईना.

मी कोल्हापूरचा. खरी कॉर्नरच्या कॅमेरा मानस्तंभावरून, म्हणजे इथल्या सिनेमाच्या स्मारकावरून, जात-येत मोठा झालो. बाबूराव पेंटर नाटकांचे पडदे रंगवायचे, तिथून सिनेमात आले आणि रंगवलेल्या पडद्यांच्या जागी उभे, भरीव सेट आणले. त्यांच्या हाताखाली तयार झालेले साहेबमामा फत्तेलाल 'प्रभात'चे कला दिग्दर्शक, आणि १९३६च्या 'संत तुकाराम'चे दामल्यांसोबतचे दिग्दर्शकही. त्यामुळे चित्रकारानं पुढे दिग्दर्शक होणं मला अगदी साधी गोष्ट वाटायची. चित्रकलेचा डिप्लोमा घेऊन मुंबईला निघालो, तेव्हा पाच वर्षांचा हिशेब मांडला होता.

पहिली तीन वर्षं नुसतं सामान वाहिलं. चोरबाजारातून कंदील, घड्याळं, फुटके आरसे भाड्यानं आणायचे, गोरेगावच्या चित्रनगरीत पोचवायचे, पॅकअपनंतर वहीशी ताडून परत करायचे. त्या वहीनं मला खूप शिकवलं, कारण कुठल्या काळात कुठल्या घरात काय असतं हे तिच्यातूनच डोक्यात बसलं. मग ड्रॉइंग हातात आलं. एका मीटरला दोन सेंटिमीटर धरून पुठ्ठ्याचं मॉडेल करायचं, ते दिग्दर्शक आणि कॅमेरामनसमोर ठेवायचं आणि कॅमेऱ्यासाठी कुठली भिंत काढता येईल अशी ठेवायची ते तिथेच ठरवून घ्यायचं. हे आधी ठरलं नाही, तर ऐन शूटिंगच्या दिवशी मिस्त्री करवत घेऊन उभा राहतो.

सेटच्या खर्चाचं एस्टिमेट मात्र अंगावर येऊनच शिकलो. प्लाय, बॅटन, पीओपी, कारागिरांची मजुरी हे सगळे धरतात. स्टुडिओच्या फ्लोअरचं भाडं पहिला खिळा ठोकल्यापासून चालू होतं, हे नवा माणूस विसरतो. मीही विसरलो होतो. निर्माता पैसे कमी करा म्हणाला, की प्रत्येक भिंतीतून थोडं थोडं कापू नये. अख्खी एक खोली काढून टाकावी आणि उरलेल्या नीट कराव्यात. एका कामाचा शेवटचा हप्ता मला आजवर मिळालेला नाही. त्यानंतर लेखी कराराशिवाय एक फळीसुद्धा उभी केली नाही.

प्रॉडक्शन डिझायनर म्हणून नाव लागायला लागलं, तेव्हा सेटबरोबर लोकेशन, रंगसंगती, कपड्यांचा पोतही माझ्याकडे आला. मग स्वतःची कथा लिहिली. अडीच वर्षं निर्माते शोधले. जो तो म्हणायचा, "तुमचा सेट सुंदरच होणार." कथेतल्या आजीबद्दल एकानंही विचारलं नाही, याचं वाईट वाटायचं. आणि त्या दिवशी ताईंनी विचारल्यावर लक्षात आलं की मीही तिच्याबद्दल विचारलं नव्हतं.

शूटिंग अर्धा दिवस थांबवलं. ताईंना म्हटलं, तुम्हाला वाटेल तिथे बसा. त्यांनी सूप घेतलं, खांबाला पाठ लावून जमिनीवर बसल्या आणि पाय लांब केले. मिस्त्रीकाका बघत होते. म्हणाले, "दादा, खिडकी वीतभर खाली घेऊ या. बसल्या माणसाला अंगण दिसायला नको का?" सुतारांनी चौकट उतरवली. पेंटर भिंतीचा जोड मिळवायला लागला.

ताई उठल्यावर मी त्यांच्या जागी बसून पाहिलं. खांबावरची माझी सगळी झिलई उभ्या माणसाच्या हाताला होती. आजी तर दुपारभर बसून टेकायची. पेंटरला हाक मारली आणि खोबरेल तेलात थोडी काजळी कालवून, ताईंचं डोकं टेकलं होतं तेवढ्याच जागेवर डाग चोळून घेतला.