तुम्ही विचारलंत म्हणून: सगळी झाडंच का?

मॅजिक द गॅदरिंग या पत्त्यांच्या खेळाचा डाव मांडला की थोड्या वेळात समोरचं कुणीतरी विचारतंच, ‘सगळी झाडंच? का?’ नवे खेळाडू कुतूहलाने विचारतात. मुरलेले खेळाडू काळजीने विचारतात, कारण मी कार्डांच्या ज्या तीन रंगांत खेळते त्यांत याहून धारदार डेक, म्हणजे खेळायचे कार्डसंच, बांधता येतात, हे त्यांना ठाऊक असतं आणि मलाही. घरची मंडळी विचारतात ते आणखी वेगळं: पत्त्यांच्या खेळात झाडांचं काय काम? डाव चालू असताना मी तुकड्यातुकड्यांत काहीतरी सांगते. आज सलग सांगते.

काहींना वाटतं, माझं आजोळ कोकणात, गावाला देवराई, म्हणून झाडं. तसं नाही. देवराई मला प्रिय आहे, पण या डेकमध्ये वड, पिंपळ, आंबा काहीच नाही. यात ओक आहे, ॲश आहे, यू आहे. मी यातली झाडं आधी कार्डांवरच पाहिली. मी हा डेक बांधला तो एका कार्डावरच्या एका ओळीमुळे. त्या ओळीत नियम आणि चित्र एकच गोष्ट सांगतात, आणि असं या खेळात फार क्वचित घडतं.

खेळ माहीत नसणाऱ्यांसाठी आधी थोडं. मॅजिक हा रिचर्ड गारफिल्ड या गणितज्ञाने रचलेला खेळ १९९३ साली बाजारात आला. आजवर त्याची वीस हजारांहून जास्त वेगवेगळी कार्डं निघाली आहेत आणि त्यांतून आपला डेक आपणच बांधायचा, ही त्यातली खरी गंमत. मी खेळते तो प्रकार कमांडर. शंभर कार्डांचा डेक, साध्या जमिनी (माना, म्हणजे बाकीची कार्डं खेळण्याची शक्ती, देणारी कार्डं) सोडल्या तर कुठलंही कार्ड एकदाच, आणि एक ‘लेजंडरी’ प्राणी सेनापती म्हणून बाजूला, सगळ्यांना दिसेल असा. सेनापतीचे जे रंग तेच डेकचे रंग. बहुधा चौघं जण, प्रत्येकाचे ४० प्राण. हा प्रकार खेळ बनवणाऱ्या कंपनीने काढलेला नव्हे. तो अलास्कातल्या हौशी खेळाडूंमध्ये जन्मला, शेल्डन मेनरी यांनी तो जगभर पोचवला, आणि २०११ मध्ये कंपनीने त्यासाठी तयार डेक विकायला सुरुवात केली. खेळाडूंनी आपल्या हौसेसाठी घडवलेला असल्यामुळेच या प्रकारात थीमला मान आहे, असं मला वाटतं.

आता ती ओळ. मॅजिकमधल्या प्रत्येक प्राण्याच्या कार्डावर खाली उजव्या कोपऱ्यात दोन आकडे असतात. पहिला पॉवर, म्हणजे तो किती मारतो. दुसरा टफनेस, म्हणजे तो किती सोसतो. सगळ्यांची नजर आधी पहिल्या आकड्यावर जाते. झाडांचा मात्र पहिल्यापासून दुसरा आकडा मोठा. १९९३ च्या अगदी पहिल्या संचातला आयर्नरूट ट्रीफोक पाहा: पाच माना मोजायचे आणि मिळणार ३/५. भिंतीसारखा उभा राहणार, पण त्याच्या माराची कुणाला फारशी भीती नाही.

मग २००७ साली लॉरविन नावाचा संच आला. लॉरविन म्हणजे ब्रिटन-आयर्लंडच्या लोककथांवर बेतलेला, कायम उजेडात असलेला मुलूख. तिथे माणसंच नाहीत. एल्फ आहेत, परी आहेत, गॉब्लिन आहेत, राक्षस आहेत आणि ट्रीफोक आहेत, म्हणजे चालती-बोलती झाडं. त्या संचात डोरन, द सीज टॉवर आहे. तीन माना, एक पांढरा, एक काळा, एक हिरवा. आकडे ०/५. आणि खाली लिहिलंय की लढाईत प्रत्येक प्राणी पॉवरइतका नव्हे, टफनेसइतका मार देईल.

म्हणजे जे जितकं सोसतं, ते तितकंच मारतं. झाड कसं लढेल, असा प्रश्न कुणी शांतपणे बसून सोडवला असावा, असं मला ही ओळ वाचून वाटलं होतं आणि अजून वाटतं. झाडाला नखं नाहीत, दात नाहीत. त्याच्याकडे आहे ते घट्ट उभं राहणं. डोरन आला की तेच शस्त्र होतं. ट्रीफोक हार्बिंजर हे एका मानाचं छोटं झाड, ०/३. एरवी त्याचं काम एकच: मैदानात येताना डेकमधून एखादं ट्रीफोक किंवा फॉरेस्ट (हिरवा माना देणारी जमीन) शोधून डेकच्या वर आणून ठेवायचं. डोरनच्या शेजारी ते एका मानात तीनचा मार देतं. इन्डॉमिटेबल एन्शंट्स चार मानांत २/१०. तो दहा मारतो.

शिवाय ओळीत ‘प्रत्येक प्राणी’ असं आहे, ‘तुमचा प्रत्येक प्राणी’ असं नाही. नियम समोरच्यांनाही लागू. बॉल लायटनिंग नावाचं लाल रंगाचं जुनं, नामांकित कार्ड आहे, ६/१, विजेसारखं येतं, सहाचा घाव घालतं आणि त्याच पाळीच्या शेवटी संपतं. डोरन टेबलावर असताना ते फक्त एकचा घाव घालतं. नुसत्या आक्रमणावर उभे असलेले डेक जंगलात शिरले की नरम पडतात. यासाठी वेगळं काही करावं लागत नाही. डोरन उभा असला की पुरे.

थीम डेक दोन तऱ्हेचे असतात. एक चित्रावरचे. प्रत्येक चित्रात खुर्ची हवी, किंवा प्रत्येक चित्रातली स्त्री डावीकडे बघत असावी, असे डेक लोक खरोखर बांधतात, आणि ते जमवायला लागणारी चिकाटी मला मनापासून आवडते. पण डाव सुरू झाला की ती थीम फक्त बघणाऱ्याला दिसते. खेळाला तिचा पत्ता नसतो. दुसरे नियमावरचे: अमुक शब्द असलेली सगळी कार्डं गोळा करा, यंत्र फिरवा. ते जोरात चालतात, पण चित्रं झाकून खेळलं तरी काही बिघडत नाही. मला दोन्ही हवं होतं. झाड असायला हवं आणि झाडासारखं वागायलाही हवं.

ही दुसरी अट कठीण. नुसती झाडं भरायची तर चिकार आहेत. पण त्यांतली काही मोठ्या पॉवरची आहेत, त्यांना डोरनची गरजच नाही. मी शोधते ती अशी कार्डं, ज्यांचा नियम जंगलाची एखादी खरी गोष्ट सांगतो. सर्वांत लाडकं उदाहरण २०२० चं कोलफेनॉर, द लास्ट यू. ३/७. तो किंवा माझा दुसरा कुठलाही प्राणी मेला की त्याच्याहून कमी टफनेसचं एक प्राण्याचं कार्ड मेलेल्यांच्या ढिगातून हातात परत येतं. मोठं झाड कोसळलं की छतात भोक पडतं, खाली ऊन पोचतं आणि वर्षानुवर्षं खुरटून राहिलेली रोपटी जोर धरतात. जंगलात हे असंच घडतं, आणि कार्डावरचा नियमही नेमका तेच करतो. असं कार्ड सापडलं की त्या दिवशी मी दुसरं काही बघत नाही.

जमिनींचंही तसंच. हिरव्या रंगात माना वाढवायचे ते जमीन शोधून. नेचर्स लोर हे दोन मानांचं कार्ड डेकमधून एक फॉरेस्ट थेट मैदानात आणतं. मर्मरिंग बॉस्क ही जमीन नियमाने फॉरेस्ट आहे, पण पांढरा आणि काळा मानाही देते. त्यामुळे नेचर्स लोरने ती सापडते, हार्बिंजरनेही सापडते, आणि हातातलं एखादं झाड दाखवलं तर ती लगेच वापरता येते. तीन रंगांचा सगळा घोळ एका कुजबुजत्या रानामुळे सुटतो. पहिल्या पाळीत हार्बिंजर, दुसरीत बॉस्क, तिसरीत डोरन: असा हात आला तर माझी आणखी काही मागणी नसते.

थीमच्या कुंपणाबद्दल वाद होतात आणि ते व्हावेतच. लॉरविनमध्ये चेंजलिंग म्हणून रूप बदलणारे प्राणी आहेत. नियमानुसार ते एकाच वेळी सगळ्या जातींचे असतात, म्हणजे ट्रीफोकसुद्धा. कॅमेलियन कोलोसस उत्तम कार्ड आहे, नियमाने झाड आहे, तरी मी घेत नाही. मला ते झाड वाटत नाही. पण नेमलेस इन्व्हर्जन घेते. तो प्राणी नव्हे, एक मंत्र आहे: एखाद्या प्राण्याला +३/-३ करायचं आणि त्याच्या सगळ्या जाती पुसून टाकायच्या. त्यालाही चेंजलिंग आहे, त्यामुळे कागदोपत्री तो ‘ट्रीफोक कार्ड’ ठरतो आणि हार्बिंजर त्याला शोधून आणू शकतो. कोलोससला नाही आणि इन्व्हर्जनला हो, यात विसंगती आहे असं माझे मित्र म्हणतात. मला ती वाटत नाही. मैदानात उभं राहतं ते झाडच हवं. रानात वावरणारी जादू कुठलीही चालेल.

आणि ‘लास्ट मार्च ऑफ द एन्ट्स’? ते दुसऱ्याच कथाविश्वातून, टोल्किनच्या ‘लॉर्ड ऑफ द रिंग्ज’मधून, आलेलं कार्ड, त्यामुळे शुद्धतावादी नाक मुरडतात. आठ मानांचा मंत्र. तुमच्या प्राण्यांत सर्वांत मोठा जो टफनेस, तितकी कार्डं उचलायची आणि मग हातातले हवे तितके प्राणी फुकट मैदानात उतरवायचे. हे चालणाऱ्या झाडांचं कार्ड आहे आणि त्याचा नियम टफनेसवर उभा आहे. मी क्षणभरही विचार केला नाही.

सगळ्यांत जास्त वेळ गेला तो वादळांवर. या खेळात सगळे प्राणी एकदम मारणारे मंत्र असतात. रॅथ ऑफ गॉड १९९३ पासूनचा. मैदान साफ करण्याची सोय डेकमध्ये हवीच, पण आपलंच जंगल भुईसपाट करून काय मिळवायचं? उत्तर डोरनच्याच नियमात आहे. माझ्या झाडांची पॉवर कमी असते. डस्क हा मंत्र ३ किंवा जास्त पॉवरचे सगळे प्राणी मारतो. स्लॉटर द स्ट्राँगमध्ये प्रत्येकाने एकूण ४ पॉवरपर्यंतचे प्राणी राखायचे, बाकीच्यांचा बळी द्यायचा. समोरचे ड्रॅगन, राक्षस, देवदूत जातात. माझा डोरन शून्य, हार्बिंजर शून्य. दोघं जागच्या जागी उभे, आणि पुढच्याच पाळीत आठचा मार देतात. पहिल्यांदा पाहणारा खेळाडू कार्ड हातात घेऊन पुन्हा वाचतो.

जिंकते का? विचारतात म्हणून सांगते: जिंकते, पण सावकाश आणि दरवेळी नाही. सेनापतीने एकाच खेळाडूला लढाईत २१ चा मार दिला की तो खेळाडू बाद, असा कमांडरचा नियम आहे. डोरन पाच मारतो. चार घावांत वीस, एक कमी. त्या एकासाठी डेकमध्ये टिंबर प्रोटेक्टर आहे: बाकीच्या झाडांना +१/+१, शिवाय ती आणि माझी फॉरेस्ट अविनाशी. मग डोरन सहा मारतो आणि चार घाव पुरतात.

कच्चा दुवाही डोरनच. तो गेला की हार्बिंजर पुन्हा शून्य मारतो आणि सगळं जंगल नुसतं उभं राहतं. सेनापतीला पुन्हा बोलवायला दरवेळी दोन माना जास्त लागतात. तीनाचे पाच, पाचाचे सात. म्हणून त्याच नियमाच्या आणखी वाटा ठेवाव्या लागतात. असॉल्ट फॉर्मेशन आहे, आणि २०२१ मध्ये आलेला एन्शंट लंबरनॉट आहे. लंबरनॉट फक्त माझ्याच प्राण्यांना ही मुभा देतो, तीही टफनेस पॉवरहून जास्त असेल तरच. पण तो स्वतः झाड आहे, म्हणजे हार्बिंजर त्याला शोधू शकतो. नव्याने थीम डेक बांधणाऱ्यांना माझा आग्रह असतो तो इथे. आपली थीम ज्या एका कार्डावर टेकली आहे ते हिरावलं गेलं तर काय उरतं, हे बांधतानाच तपासा. काहीच उरत नसेल तर दुप्पट शोधा. वीस हजारांत कुठेतरी दुसरी वाट असतेच.

खर्चाचं म्हणाल तर बहुतेक झाडं स्वस्त आहेत, कारण ती फार कुणी खेळत नाही. इथे सगळी कार्डं सहज मिळत नाहीत. बाहेरगावहून येणाऱ्यांच्या बॅगेतून येतात, किंवा मित्रांशी अदलाबदल करून. ज्यांच्याकडे नाहीत त्यांनी घरगुती डावात कागदावर छापून खेळावं. आमच्या टेबलावर कुणाची हरकत नसते.

डेक अजून पुरा झालेला नाही. सध्या एका जागेवरून वाद आहे. तिथे थॉर्नटूथ विच आहे: सहा मानांचं ३/४ झाड, आणि मी दुसरं कुठलंही झाड खेळलं की एखाद्या प्राण्याला +३/-३. डोरन असताना त्या -३ ने प्राण्याचं सोसणंही घटतं आणि मारणंही. पण सहा माना फार होतात. तिच्याऐवजी मित्र ‘मीकस्टोन’ सुचवतात: एका मानाचा, १९९३ चा दगड. ३ किंवा जास्त पॉवरचे प्राणी एकदा वापरले, म्हणजे आडवे केले, की पुन्हा सरळ होत नाहीत, आणि माझी बहुतेक झाडं त्यातून सुटतात. नियम म्हणून तो विचहून सरस आहे, यात शंका नाही. पण तो दगड आहे. रानात दगड असतात, असं एका मित्राचं म्हणणं, आणि ते मला जवळजवळ पटलं आहे. पुढच्या रविवारी दोन्ही घेऊन जाणार आहे. एक डाव हिच्यासकट, एक त्याच्यासकट.