हेटमानाची गदा
श्लाख्ता म्हणजे जुन्या पोलंडचा सरदारवर्ग. राजा निवडण्याचा हक्क बाळगणाऱ्या या वर्गाने सेनापतिपदही आपल्याच हाती ठेवले. महा-हेटमान हा सर्वोच्च सेनानी, त्याच्या खालोखाल रणक्षेत्राचा हेटमान, आणि पोलंडशी एकाच राज्यात जोडलेल्या लिथुआनियाची अशीच जोडी वेगळी. १५८१ मध्ये यान झामोयस्की यांना महा-हेटमानपद तहहयात मिळाले आणि पुढे, एकदा दिलेले अधिकार काढून घेणे राजालाही जवळपास अशक्य होऊन बसले; मला तरी ही सवलत राज्याला महागात पडलेली दिसते. पदाचे चिन्ह ‘बुवावा’ ही आखूड दांड्याची, गोल डोक्याची गदा होती, लढण्यापेक्षा मिरवण्यासाठीच. जोखीम मात्र खरी होती: १६२० मध्ये ऑटोमन तुर्कांशी लढून मोल्दाव्हियातील त्सेत्सोराहून माघार घेताना वृद्ध महा-हेटमान झुवकिएव्स्की मारले गेले आणि त्यांचे शिर कॉन्स्टँटिनोपलला सुलतानाकडे धाडण्यात आले.