घोट्यापाशी पॅड, लघवीच्या घाईला लगाम

कंबरदुखीसाठी घरी आणलेलं टेन्स यंत्र (कातडीवर पॅड चिकटवून विजेचे सौम्य झटके देणारं) लघवीच्या अनावर घाईवरही चालतं. सेटिंग मात्र वेगळं. कंबरेला बहुधा ८०-१०० हर्ट्झ (म्हणजे सेकंदाला इतके झटके), लघवीच्या घाईसाठी १० हर्ट्झ, पल्स (एका झटक्याची लांबी) २०० मायक्रोसेकंद. एक पॅड आतल्या घोट्याच्या मागे, दुसरं १० सेंटीमीटर वर. करंट हळूहळू वाढवा. पायाचा अंगठा वाकला की जागा बरोबर. मग किंचित कमी करा. एका वेळी ३० मिनिटं, असं १२ आठवडे. (आठ दिवसांत यंत्र माळ्यावर टाकू नका!) पायाला तेल चोळलेलं असेल तर पॅड नीट चिकटत नाही, करंट एका कडेला एकवटून चटका बसतो, साबणाने धुवून कोरडं करा. पेसमेकर किंवा गरोदरपण असेल तर नकोच. आधी लघवी तपासा, जंतुसंसर्गावर हा उपाय नाही.