पाक पुढे गेला

"काहून वं, साखर जाळून राह्यली का?"

सासूबाई देवघरातून उठून थेट स्वयंपाकघराच्या दारात येऊन उभ्या. वास तिथवर पोचला होता. माझ्या एका हातात पातेल्याची सांडशी, दुसऱ्यात सायीची वाटी, आणि "हो, जाळूनच राहिले" असं म्हणायची छाती नव्हती. "कॅरमल करतेय, आई, कपकेकवर लावायला." त्यांनी पातेल्यात डोकावून पाहिलं आणि निकाल दिला : "पाक पुढे गेला."

आमच्या घरात या तीन शब्दांवर अपील नाही. पाक पुढे गेला म्हणजे लाडू दगड झाले, पाव्हण्यांपुढे मान खाली गेली. एकतारी, दोनतारी, गोळीबंद असं सगळं मी त्यांच्याच हाताखाली शिकले. चिमटीत धरून तार ओढून पाहायची, वाटीतल्या पाण्यात थेंब सोडून त्याची गोळी होते का ते बघायचं. ही सगळी कसरत साधारण १०५ ते ११८ अंश सेल्सियसच्या आत चालते. कॅरमलचं काम सुरूच होतं १६०च्या पुढे, पातेल्यातलं पाणी कधीचंच उडून गेल्यावर. म्हणजे जिथे आमची पाककला हात जोडून थांबते, तिथून पुढे जायचं. आणि हात ऐकत नाही. साखरेला जरा तांबूस कड आली की माझी बोटं आपोआप गॅसच्या बटणाकडे जातात. पहिल्या तीन वेळा मी असंच घाबरून लवकर उतरवलं. पिवळट, नुसतं गोड काहीतरी झालं. कपकेकवर लावलं तर वेलची विसरलेल्या पेढ्यासारखं लागलं.

आता कोणी म्हणेल, एवढा खटाटोप कशाला? बटर आणि आयसिंग शुगर फेटली की झालं फ्रॉस्टिंग, म्हणजे केकवरचं क्रीम. झालं खरं, पण ते इतकं गोड असतं की दुसऱ्या घासाला दात आंबतात. साखर लाल होते तेव्हा तिचा थोडा गोडवा मोडतो आणि त्या जागी किंचित कडवटपणा येतो. आपल्याकडे त्याला ‘खरपूस’ असा नेमका शब्द आहे, फक्त साखरेच्या बाबतीत तो वापरायचं धाडस आपण करत नाही. बासुंदीच्या कढईची खरवड भांडून खाणारी माणसं आम्ही, पण साखर लाल झाली की हळहळतो.

तर कृती. जाड बुडाचं स्टीलचं पातेलं घ्यायचं. काळं नॉनस्टिक नको, त्यात रंग कळत नाही आणि इथे सगळा खेळ रंगाचा. एक कप साखर, पाव कप पाणी, लिंबाच्या रसाचे चार थेंब. या लिंबानं साखर थोडी फुटते आणि पुन्हा दाणे धरत नाही. उकळी आली की चमचा घालायचा नाही. ढवळलं की कडेला स्फटिक जमतात आणि बघता बघता पातेलंभर वाळू तयार होते. माझी एकदा झाली आहे. पातेलंच हलकं फिरवायचं. आधी मधाचा रंग येतो, मग कोऱ्या चहाचा, मग नुकत्या घासलेल्या तांब्याचा. धूर निघायच्या आत, तांब्यालाच गॅस बंद. लगेच तीन चमचे बटर आणि अर्धा कप कोमट साय, नीट फेटलेली. गार साय घातली तर साखरेचे खडे होतात. कोमट घातली तरी फसफसून वर येतंच, म्हणून पातेलं लागेल असं वाटतं त्यापेक्षा मोठं हवं आणि लेकरं स्वयंपाकघराबाहेर. दुधाचा चटका आणि या साखरेचा चटका यांत फरक आहे : ही चिकटून बसते.

मीठ वेगळं घालावं लागत नाही, आपलं रोजचं पिवळं बटर खारटच असतं. फ्रान्समधल्या ब्रिटनी प्रांतात लोक पूर्वीपासून खारं लोणी खातात, आणि तिथल्याच आंरी ल रू नावाच्या मिठाईवाल्यानं १९७७मध्ये खाऱ्या लोण्याचं कॅरमल करून नाव कमावलं. आमच्याकडे ते नाइलाजानं झालं, कोपऱ्यावरच्या किराणावाल्याकडे बिनमिठाचं मिळत नाही म्हणून.

हे कॅरमल पूर्ण गार झालं की मऊ बटरमध्ये फेटायचं, मग आयसिंग शुगर. ‘पूर्ण गार’ हे दोन शब्द नागपूरबाहेर कोणीतरी लिहिले असावेत. लेकीचा वाढदिवस २७ मेचा, ऐन नवतपातला, म्हणजे उन्हाळ्यातल्या सगळ्यात तापलेल्या नऊ दिवसांतला. याच शहरात २३ मे २०१३ला ४७.९ अंशांची नोंद झाली आहे. बटर बत्तीस-पस्तीस अंशांतच वितळतं. मी कपकेकवर हौसेनं फूल काढलं, दुसरं काढेपर्यंत पहिलं फतकल मारून बसलं. कूलर लावला तर आणखी वाईट, त्याच्या वाळ्याच्या ओल्या हवेनं साखर पाझरायला लागली. शेवटी ताट उचललं आणि घरातल्या एकमेव एसीच्या खोलीत नेलं. फुलं पलंगावर बसून काढली, केक तिथेच कापला, आणि सतरा माणसांनी वाढदिवस बेडरूममध्ये उभ्यानं साजरा केला. गादीच्या चादरीवरचा एक डाग अजून आहे.

या गडबडीत कॅरमलचं पातेलं ओट्यावर तसंच राहिलं होतं, तळाशी बोटभर थर घट्ट धरलेला. मी घासायला टाकणार होते. तेवढ्यात सासूबाईंनी ते ओढून घेतलं. "एवढी साखर मोरीत ओतून राह्यली काय?" म्हणत त्यात पाणी घातलं, उकळलं, पत्ती टाकली, आलं ठेचून टाकलं. पंचेचाळीस अंशांतही आमच्याकडे पाचचा चहा चुकत नाही. बाबांना बशीत ओतून दिला. वर बटरचे बारीक सोनेरी ठिपके तरंगत होते, तर्रीसारखे.

बाबांनी एक घोट घेतला, थांबले, बशीकडे पाहिलं. "चहात मीठ कोणी टाकलं?"

सासूबाईंनी माझ्याकडे बोट केलं आणि स्वतःच्या कपात उरलेला ओतून घेतला.