आज रंकाळ्यावर
संध्याकाळी रंकाळ्यावर मावसभाऊ भेटला, तोंड पार उतरलेलं. काय झालं रे म्हटलं तर म्हणाला, दादा, एका मुलीचे फोटो बघायचे होते, इन्स्टाचं प्रायव्हेट अकाउंट उघडून दाखवणारी एक साइट होती, तिथं माझाच पासवर्ड टाकला आणि आता लॉगिनच होईना, माझ्या नावानं सगळ्यांना पैसे मागणारे मेसेज चाललेत. पोरगं रडायला आलेलं. अरे, फॉलोअर नसलेल्याला ते फोटो इन्स्टाचा सर्व्हर देतच नाही, मग ही साइट आणणार कुठनं? तिला पासवर्डच पाहिजे असतो! तिथंच बसून ईमेलचा पासवर्ड बदलला, पाहुण्यांना फोन केले. कुणाचे पैसे गेले असतील तर लगेच १९३० ला, म्हणजे सायबर फसवणुकीच्या हेल्पलाइनला, फोन लावा. आणि त्या मुलीनं फोटो लपवलेत म्हणजे तुला दाखवायचे नाहीत, हे पण त्याला सांगितलं, जरा जोरातच.