अजिंठा एका दिवसात: वेळ कुठे जातो आणि तो कसा वाचवायचा

छत्रपती संभाजीनगरहून गाइडसकट अजिंठ्याची एक दिवसाची बस सहल बुक करणार असाल, तर भाडं, एसी आणि जेवण यांच्या आधी एक गोष्ट विचारा: बस टी-पॉइंटला, म्हणजे लेण्यांच्या अलीकडे जिथे गाडी सोडून शटल बस पकडावी लागते तिथे, किती वाजता लागते? मी हे विचारलं नव्हतं. परिणामी अख्खा दिवस मोडून लेण्यांच्या आत मिळाले जेमतेम एक तास चाळीस मिनिटं, आणि त्याचा राग अजून गेलेला नाही.

हिशेब असा झाला. सकाळी आठला बस सुटली. फुलंब्री, सिल्लोड करत, अजिंठ्याचा घाट उतरून लेण्यांपर्यंत अंतर साधारण शंभर किलोमीटर. न थांबता अडीच तासांत होतं. नाश्त्याला अर्धा तास गेला, ते ठीक. पण त्यानंतर बस पैठण्या आणि हिमरू शालींच्या एका दुकानापुढे चाळीस मिनिटं उभी राहिली. हा थांबा छापील कार्यक्रमात नव्हता. ज्यांना खरेदी करायची नाही त्यांनी बसमध्ये बसून राहावं, असं सांगण्यात आलं. टी-पॉइंटला उतरलो तेव्हा अकरा चाळीस झाले होते. अजिंठ्यात साडेअकरा ते दीड हीच वेळ सगळ्यात वाईट. संभाजीनगरहून आणि जळगावहून सकाळी आरामात निघालेल्या बहुतेक गाड्या याच सुमाराला येऊन ठेपतात आणि हिवाळ्यात त्यात शाळांच्या सहलींची भर पडते.

टी-पॉइंटपासून लेण्यांचा पायथा चार किलोमीटर. खासगी गाडी पुढे जाऊ देत नाहीत, कारण वाहनांचा धूर लेण्यांपासून लांब ठेवायचा आहे. गाडी तिथेच लावायची, दुकानांच्या रांगांमधून चालत जायचं आणि शटल बस पकडायची. शटलसाठी सुटे पैसे हातात ठेवा. भर दुपारी हे सगळं पस्तीस मिनिटांचं काम होतं. सकाळी नऊच्या आत दहा-पंधरा मिनिटांत आटोपतं. पायथ्याशी तिकीट: भारतीयांना ४० रुपये, पंधरा वर्षांखालच्या मुलांना माफ. तिकीट आदल्या रात्री ऑनलाइन काढून ठेवलं तर खिडकीवरची रांग टळते. मग पायऱ्या चढून पहिल्या क्रमांकाच्या लेण्याच्या दारात. आमचे तेव्हा साडेबारा वाजले होते.

आणि तिथे आम्ही पन्नास मिनिटं उभे राहिलो.

ही रांग का लागते ते समजून घ्या, म्हणजे ती टाळता येईल. लेण्यांना क्रमांक दिलेत ते डोंगरकड्यावरच्या जागेनुसार. कोणतं लेणं आधी कोरलं याच्याशी त्या क्रमांकांचा काही संबंध नाही. पायऱ्या चढल्यावर पहिलं दार लागतं ते क्रमांक एकचं, आणि पद्मपाणी व वज्रपाणी या बोधिसत्त्वांची सगळ्यांना ठाऊक असलेली चित्रं नेमकी तिथेच आहेत. त्यामुळे प्रत्येक गट, प्रत्येक गाइड आणि प्रत्येक शाळा आधी तिथेच शिरते. आत मात्र एका वेळी ठरावीक माणसंच सोडतात. ही मर्यादा हवीच, नाहीतर चित्रं राहणार नाहीत. ही चित्रं ओल्या चुन्यावर काढलेली नाहीत. खडकावर मातीचा गिलावा, त्यात दगडाची भुकटी, भाताचा तूस, गवताचे आणि वनस्पतींचे धागे. त्यावर चुन्याचा पातळ हात. आणि तो सुकल्यावर डिंकासारख्या चिकट पदार्थात कालवलेले रंग. पन्नास माणसांच्या श्वासातली वाफ आणि अंगाची ऊब अशा गिलाव्याला सोसत नाही. तो फुगतो, खडकापासून सुटतो. सोळा आणि सतरा क्रमांकांत जिथे चित्र गळून पडलंय तिथली कड जवळून बघा. बोटभरही जाड नसलेला मातीचा थर आणि त्यातून डोकावणारे बारीक धागे अजून दिसतात. पंधराशे वर्षं तो थर एवढ्यावर टिकलाय. त्यामुळे रांगेवर माझा राग नाही. राग आहे तो माणसांना नेमकं साडेबाराला तिथे आणून सोडणाऱ्या वेळापत्रकावर.

रांगेत उभं राहिल्यावर अजून एक नुकसान होतं, जे कुणी सांगत नाही. माणूस अर्धा-पाऊण तास उन्हात, पांढऱ्या पडलेल्या कातळासमोर उभा असतो. तिथून थेट अंधुक लेण्यात शिरलं की पहिली पाच-सात मिनिटं भिंतीवर तपकिरी डागांपलीकडे काही दिसत नाही. आत वेळ मिळतो जेमतेम पंधरा मिनिटं, म्हणजे अर्धा वेळ डोळे सरावण्यात जातो. आमच्या गटातले निम्मे लोक "फोटोत जास्त छान दिसतं" म्हणत बाहेर पडले, ते याचमुळे. उपाय सोपा आहे. रांग ओसरीच्या सावलीत पोहोचली की उन्हाकडे पाठ करा, मोबाइल खिशात ठेवा आणि नजर जमिनीकडे ठेवा. आत गेल्यावर दारातून लगेच पद्मपाणीकडे धावू नका. आधी छत बघा, खांब बघा. चार हरणांना मिळून एकच डोकं कोरलेलं आहे तो खांब गाइडला विचारा. मग गाभाऱ्याकडे जा. तुमच्या डाव्या हाताला पद्मपाणी, उजव्या हाताला वज्रपाणी. तोवर डोळे सरावलेले असतात आणि मग हातातलं निळं कमळ, खाली झुकलेल्या पापण्या, गळ्यातल्या मोत्यांवर चित्रकाराने ठेवलेले पांढरे ठिपके एकेक करून वर येतात. हे दिसण्यासाठीच एवढ्या लांब जायचं असतं.

रांग मोठी दिसली तर माझा स्पष्ट सल्ला: तिथे थांबूच नका. पुढे चला. लेणी घोड्याच्या नालेच्या आकाराच्या कड्यात एका ओळीत आहेत, खाली वाघूर नदी; शेवटपर्यंत जाऊन त्याच वाटेने परतायचंच असतं. म्हणून एक आणि दोन परतीच्या वाटेवर ठेवले तर एक पाऊलही जास्त पडत नाही. क्रम असा धरा: आधी नऊ आणि दहा. हे सगळ्यात जुने चैत्य, म्हणजे आत स्तूप असलेली प्रार्थनागृहं, इसवी सनापूर्वीचे. दहाच्या एका खांबावर जॉन स्मिथ या ब्रिटिश अधिकाऱ्याने २८ एप्रिल १८१९ ला कोरलेलं नाव आहे. ते आज डोक्याच्या वर दिसतं, कारण तेव्हा लेणं मातीने आणि दगडधोंड्यांनी भरलेलं होतं आणि तो त्या भरावावर उभा होता. मग सोळा आणि सतरा. ही पाचव्या शतकातली, वाकाटक राजा हरिषेणाच्या काळातली. सोळा क्रमांक त्याच्या वराहदेव नावाच्या मंत्र्याने दिलेला. या दोन लेण्यांना मिळून किमान पाऊण तास द्या. पद्मपाणीच्या नावामुळे सतरावर अन्याय होतो. विश्वंतर जातक, सिंहलाची कथा आणि बाकीच्या जातकांनी (बुद्धाच्या पूर्वजन्मांच्या कथांनी) ते इतकं भरलेलं आहे की चित्रांसाठी एकच लेणं बघायला सांगितलं तर मी सतरा सांगेन. पुढे एकोणीसचं दर्शनी कोरीवकाम बाहेरून बघितलं तरी पुरे. चोवीस अर्धवट राहिलेलं आहे म्हणून गाइड ते वगळतात. तुम्ही वगळू नका. लेणं छताकडून खाली कसं कोरत आणलं, खांबांसाठी खडकाचे ठोकळे कसे सोडले, हे तिथे अर्धवट अवस्थेत तसंच समोर आहे. त्यानंतर सव्वीस, जिथे डाव्या भिंतीलगत सुमारे सात मीटर लांबीचा महापरिनिर्वाणातला, म्हणजे अखेरच्या क्षणी आडवा पहुडलेला बुद्ध आहे. मग परत एक आणि दोनकडे. तीननंतर तिथली गर्दी ओसरू लागते.

अडचण एवढीच की बसच्या गटाबरोबर असताना हा क्रम बदलता येत नाही. मी आमच्या गाइडला विनंती केली. तो म्हणाला, "तीस माणसं आहेत, दोन पुढे गेली की मला शोधत बसावं लागतं." त्याच्या बाजूने ते बरोबरच होतं. साडेतीनला टी-पॉइंटला परत यायचा हुकूम असल्याने तीनलाच खाली उतरायला लागलो. सतरा दहा मिनिटांत उरकलं आणि चोवीस-सव्वीस राहूनच गेले.

म्हणून पुन्हा जाल किंवा पहिल्यांदाच जाल, तर गाइड वेगळा करा आणि प्रवास वेगळा. लेणी नऊला उघडतात. सहाला भाड्याच्या गाडीने निघा, किंवा जळगावकडे जाणारी एसटी पकडा. एसटीत कंडक्टरला "अजिंठा लेणी, टी-पॉइंट" असं स्पष्ट सांगा. नुसतं "अजिंठा" म्हणालात तर अजिंठा गावात उतरवतील आणि लेणी तिथून घाट उतरून बरीच पुढे आहेत. वयस्कर माणसं बरोबर असतील तर आदल्या रात्री टी-पॉइंटजवळच्या फर्दापूरला मुक्काम सगळ्यात सोयीचा. पर्यटन खात्याचे परवानाधारक गाइड तिकीट खिडकीपाशी भेटतात. फोटो असलेलं ओळखपत्र बघा, पैसे आधी ठरवा आणि एकच प्रश्न विचारा: "सोळा-सतराला किती वेळ देणार?" वीस मिनिटं म्हणाला तर दुसरा बघा. टॉर्चचा झोत चित्रांवर मारणाराही नको. पहिल्या लेण्यातल्या बुद्धमूर्तीवर प्रकाश वेगवेगळ्या बाजूंनी पडला की चेहऱ्यावरचा भाव बदललेला दिसतो, हे मात्र त्याला आवर्जून दाखवायला सांगा.

बूट चित्रांच्या प्रत्येक लेण्याबाहेर काढावे लागतात. नाडीचे बूट घातलेत तर दिवसभरात वीसेक मिनिटं त्यातच जातात. चपला किंवा सहज निघणारे बूट घाला, आणि उन्हाळ्यात पायमोजे ठेवाच, बाहेरचा दगड पाय भाजतो. फ्लॅश बंद करून ठेवा, तिथे गेल्यावर सेटिंग शोधत बसू नका. स्वच्छतागृह पायथ्याशीच उरकून घ्या. खाण्याची पिशवी उघडी ठेवू नका, माकडं आहेत. गुडघे दुखणाऱ्यांसाठी पायथ्याशी डोली मिळते. बोलणी करताना भाडं परतीसकट आहे का आणि कितव्या लेण्यापर्यंत, हे दोन्ही विचारून घ्या. चारनंतर परतीच्या शटलला मोठी रांग लागते, तेव्हा शेवटच्या बसची वेळ सकाळी उतरतानाच विचारून ठेवा.

आणि सोमवारी जाऊ नका, अजिंठा बंद असतो. वेरूळ मंगळवारी बंद. दोन्ही करायचे असतील तर बुधवारपासून पुढचे दिवस धरा.